काठावरचे नाना

लग्नात नाना पंगतीला कधी सापडत नाहीत. यजमान शोधत असतात, वहिनी ‘अहो, पान वाढलंय’ म्हणत मांडवभर फिरत असतात, आणि नाना असतात मागच्या बाजूला, जनरेटरशेजारी, प्लॅस्टिकच्या खुर्चीच्या कडेवर टेकून कुणा अनोळखी गृहस्थाकडे एकटक बघत. हे गृहस्थ नवरीच्या चुलतमावशीचे जावई. नात्यातल्या लोकांनी त्यांच्याशी वर्षानुवर्षं ‘काय, कसं काय’च्या पुढे काही बोलणं केलेलं नसतं. नानांनी मात्र दहा मिनिटांत त्यांच्याकडून काढून घेतलेलं असतं की ते काड्यापेटीवरचे छाप जमवतात, चार अल्बम भरलेत, त्यातले शिवकाशीचे वेगळे आणि अंबरनाथच्या विमकोचे वेगळे. शिवाय घराला रंग देताना त्यातला एक अल्बम सुनेनं रद्दीत घातला, हे त्यांनी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही.

हे ऐकून नानांनाच सुतक लागतं. काही वेळ ते काही बोलत नाहीत. मग शर्टाच्या खिशातून वापरलेलं पाकीट आणि दोऱ्यानं बांधलेलं बॉलपेन निघतं आणि नाना म्हणतात, “थांबा, हे लिहून घेतो.”

नाना लेखक आहेत. एका बँकेतून स्वेच्छानिवृत्ती घेतल्यापासून पूर्णवेळ, त्याआधी कॅश मोजून झाल्यावर. कथा नाही, कादंबरी नाही, कवितेच्या तर ते वाटेलाही गेले नाहीत. ते लिहितात फक्त नादिष्ट माणसांवर. कुणी रेल्वेच्या इंजिनांमागे लागलेला, कुणी जुन्या तबकड्यांपायी घर गहाण टाकायला निघालेला, कुणी बैलाच्या धावेवर जीव लावून बसलेला. रविवारच्या पुरवण्या आणि दिवाळी अंक हा नानांचा मुलूख. का. र. मित्रांनी १९०९ साली ‘मनोरंजन’चा दिवाळी अंक काढला तेव्हापासून मराठी संपादकांना गणपती उठले की धाप लागते. त्या दिवसांत नानांचा फोन सारखा वाजतो. “लेख तयार आहे,” नाना सांगतात, “फक्त जरा मोठा झालाय.” जरा म्हणजे मागितल्याच्या चौपट. संपादक कापतात. कापताना नेमके गाड्यांचे नंबर आणि तबकड्यांचे क्रमांक जातात, आणि ‘माणसाचं मन अथांग आहे’ अशी नानांनी नाइलाजानं घातलेली वाक्यं राहतात. मानधन पुढच्या दिवाळीला येतं, आलंच तर. त्याबद्दल नाना कधी बोलत नाहीत. कापलेल्या नंबरांबद्दल मात्र वर्षभर बोलतात.

त्यांचं लाडकं वाक्य एकच. ‘मी काठावरचा माणूस.’ म्हणजे बाकीचे पाण्यात पडलेले, नाना कोरडे. ते बघतात, टिपतात आणि घरी येतात. हे वाक्य ते इतक्या गंभीरपणे म्हणतात, की नवख्या माणसाला पटतं. आम्हा शेजाऱ्यांना पटत नाही, कारण आम्ही नानांचे हंगाम पाहिलेत.

एसटीचा हंगाम सगळ्यांत लांबला. एसटीवर जीव टाकणारी पोरं महाराष्ट्रात आहेत (पोरं म्हणजे विशीपासून साठीपर्यंत), हे मला नानांमुळेच कळलं. ही मंडळी सुट्टीच्या दिवशी स्टँडवर जातात आणि कुठेही न जाता परत येतात. गाडी आत शिरली की आपण पाटी वाचतो. ते नंबर वाचतात. एमएच १४ बीटी म्हणजे दापोडीच्या कार्यशाळेत बांधलेली, एमएच २० बीएल म्हणजे चिकलठाण्याची, एमएच ४० म्हणजे नागपूरकडची, हिंगण्याची. तिन्हींच्या बांधणीत फरक असतो म्हणे. मला तिन्ही लालच दिसतात. हे मी एकदा बोलून गेलो, तेव्हा यमन आणि भूप सारखेच वाटतात म्हणणाऱ्या विद्यार्थ्याकडे गायनमास्तर बघतात तसं नानांनी माझ्याकडे पाहिलं आणि विषय बदलला. पुढचे काही दिवस ते माझ्याशी फक्त पाण्याच्या टाकीबद्दल बोलत होते.

त्या हंगामात त्यांच्या भाच्याच्या मुलाची वाईला मुंज होती. नाना, वहिनी आणि आम्ही दोघं स्वारगेटला उभे. गाडी वेळेवर आली, रिकामी आली. आम्ही पिशव्या उचलल्या. नानांनी हात आडवा धरला. “ही नको. ही दापोडीची. आपण चिकलठाण्याच्या गाडीनं जाऊ, मला तिचा खडखडाट ऐकायचाय.” दुसरी आली, तीही दापोडीची. पुण्यातच उभं राहून दापोडीची गाडी टाळायची म्हणजे पंढरपुरात राहून विठोबा टाळण्याचाच प्रकार, पण नाना हलायला तयार नाहीत. वहिनींनी कुठलाही वाद घातला नाही. तिसरी गाडी आली तशा त्या शांतपणे चढल्या, खिडकीशी बसल्या आणि कंडक्टरला म्हणाल्या, “तीन वाई द्या.” नाना खालीच. डबल बेल झाली, गाडी हलली, तेव्हा कुठे ते धावत येऊन दाराला लोंबकळले. वाईला पोचेपर्यंत ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर बसून ते त्याच्याशी बोलत होते. उतरले तेव्हा त्यांच्याकडे त्याचा फोन नंबर होता आणि त्याच्या वडिलांनी बेडफर्ड गाडी चालवल्याची हकीकत होती. दुसऱ्या एका पाकिटावर लिहिलेली. पहिलं भरलं होतं.

तिकिटांचं प्रकरण निराळंच. मशीन येण्याआधी कंडक्टरच्या काखेत जो ट्रे असायचा, रंगीबेरंगी तिकिटांच्या गड्ड्या खोचलेला, तसला एक नानांनी कुठल्याशा निवृत्त कंडक्टरकडून मिळवला. पंचही मिळवला. मग काय, घरातल्या कागदांचं काही खरं राहिलं नाही. विजेचं बिल, दुधाचं कार्ड, सोसायटीच्या मासिक सभेची नोटीस, सगळ्यांना भोकं. नोटिशीतल्या भोकात नेमका सभेचा दिवस गेला आणि अर्धे सभासद दुसऱ्याच संध्याकाळी हजर झाले. “कंडक्टर रिकामा असला की पंच नुसता वाजवत असतो,” नाना मला समजावत होते, “तो आवाज त्याच्या हाताला लागतो. मी ते समजून घेतोय. मी काही तिकिटं जमवत नाही. मी काठावरचा माणूस.” त्या वेळी त्यांच्या टेबलावर तिकिटांच्या गड्ड्या किमतीप्रमाणे लावलेल्या होत्या.

या माणसाला वर्षातला एकच दिवस कमी पडतो, तो १ जून. १ जून १९४८ला एसटीची पहिली गाडी पुणे आणि अहमदनगर यांच्या दरम्यान धावली. आणि १ जून १९३०ला डेक्कन क्वीन सुरू झाली. पुणे स्टेशनवर दर वर्षी तिचा वाढदिवस होतो. इंजिनाला हार, फलाटावर केक, आणि सव्वासातला गाडी सुटायच्या आत सगळं उरकायचं. नाना पहाटे अंघोळ करून तिथे. केकचा तुकडा रुमालात घेऊन रिक्षानं एसटी स्टँडवर. तिथल्या मंडळींना रेल्वेचा केक चालत नाही, म्हणून तो रुमाल खिशातच राहतो आणि दुपारी वहिनींना धुण्यात सापडतो. आणखी गंमत म्हणजे नानांचा स्वतःचा वाढदिवसही कागदोपत्री १ जूनलाच. त्यांना शाळेत घालताना गुरुजींनी, त्या काळच्या अर्ध्या महाराष्ट्राप्रमाणे, तीच तारीख टाकली. मुलगा बंगळूरहून फोन करतो तेव्हा नाना म्हणतात, “कुणाचा वाढदिवस? माझा? अरे, आज मला वेळ नाहीये.”

रेल्वेवाल्यांमध्ये नाना जास्त रमतात, याचं कारण मला वाटतं विनोद. रेल्वेची नादिष्ट माणसं कोरडी असतात, त्यांना शेड, लिंक, हॉर्न याखेरीज काही सुचत नाही, त्यामुळे नानांचे विनोद तिथे अजून शिळे झालेले नाहीत. बोरघाटाचा चढ सदतिसास एक इतका तीव्र. तो चढायला कर्जतला गाडीच्या मागे जास्तीची इंजिनं लावतात, त्यांना बँकर म्हणतात. यावर नाना गेली कित्येक वर्षं एकच वाक्य टाकतात, “कर्जतला बँकर मागे लागायचाच, कर्ज तिथे बँकर.” मग थांबतात. मग सांगतात की आपणही बँकेतच होतो. समोरचा रेल्वेवाला गंभीरपणे विचारतो, “कुठल्या शेडला?”

नानांच्या पत्रांबद्दल सांगायला हवं. छापून आलेल्या लेखात चूक निघाली की लेखकाचा चेहरा उतरतो, हा जगाचा नियम. नाना चूक निघण्याची वाट बघतात. एका लेखात त्यांनी लिहिलं की सुरुवातीला डेक्कन क्वीन निळी होती, सोनेरी रेघांची. आठवड्याच्या आत नाशिकहून चार पानी पत्र. अक्षर बारीक, मागेपुढे दोन्हीकडे लिहिलेलं. मजकुराचा सारांश असा की गाडीचे डबे दोन संचांत आले होते, प्रत्येकी सात; एक निळा-सोनेरी हे खरं, पण दुसरा चंदेरी आणि त्याला किरमिजी पट्ट्या, तर त्या चंदेरी संचाचं आपण काय केलंत? नाना पत्र हातात धरून जिन्यातून ओरडत आले, “सापडला! नाशिकला एक आहे!” दुसऱ्या दिवशी ते नाशिकच्या गाडीत होते.

वहिनींचं म्हणणं असं की ही चूक त्यांनी मुद्दाम ठेवलेली असते. प्रत्येक लेखात एक. पुरावा काही नाही, पण चाळीस वर्षं संसार केलेल्या बाईला पुरावा लागत नाही. बरोबर लिहिलेलं वाचून माणूस ‘छान’ म्हणतो आणि पान उलटतो. चुकीचं वाचून जो रात्री उठून बसतो, दिवा लावतो आणि पोस्टाचं तिकीट शोधतो, तोच नानांचा माणूस. मी एकदा नानांना सरळच विचारलं. ते म्हणाले, “छे छे, मी कशाला गळ टाकू? मी तर…” काठ, गळ आणि पाणी यांचा संबंध लक्षात येऊन ते पुढचं वाक्य बोलले नाहीत.

वहिनींचाही एक ठरलेला प्रश्न आहे. नवा विषय सुरू झाला की नाना तो जेवताना जाहीर करतात. वहिनी भात कालवत विचारतात, “यात घरी काय येतं?” बाकी त्यांना काही कळून घ्यायचं नसतं. एसटीत ट्रे आला. त्यात आता त्यांची दोऱ्याची रिळं असतात, किमतीप्रमाणे नाही, रंगाप्रमाणे. ढोलपथकात ढोल आला. तो नानांना उचलवला नाही, मग नदीपात्रातल्या सरावाला ते नुसतेच जाऊन बसायचे आणि कानात कापूस घालून यायचे; ढोल अजून गॅलरीत आहे आणि त्यावर पापड उत्तम वाळतात. निवडुंगवाल्यांच्या वेळी निवडुंग आले. फक्त टपाल तिकिटांच्या हंगामात वहिनी खूश होत्या, कारण सगळा संसार एका वहीत मावला.

तबकड्या मात्र मावल्या नाहीत. त्या लाखेच्या, मिनिटाला अठ्ठ्याहत्तर फेरे घेणाऱ्या, एका बाजूला तीनसाडेतीन मिनिटांचं गाणं. उन्हात वाकतात, हातातून पडल्या की फुटतात आणि एकावर एक रचल्या की सगळ्यांत खालच्या तडकतात, म्हणून पुस्तकासारख्या उभ्या ठेवायच्या. नानांनी वहिनींचं साड्यांचं कपाट मागितलं. वहिनींनी दिलं नाही. मग दिवाणाखालची जागा मिळाली आणि पाहुण्यांना बसताना सूचना मिळू लागली, “हळू, खाली बालगंधर्व आहेत.”

तबकडीवाल्यांकडून नानांना एक हकीकत मिळाली. १९०२ साली कलकत्त्याला गौहरजानचं ध्वनिमुद्रण झालं. तेव्हा तबकड्या घडत जर्मनीत, हानोवरला. तिथल्या कारागिरांना कोण गातंय हे कळावं म्हणून गाणं संपलं की गौहरजान स्वतःचं नाव इंग्रजीत ठणकावून सांगत. ही गोष्ट नानांना इतकी भावली, की ते फोनवरचं प्रत्येक बोलणं तसंच संपवू लागले. गॅसवाल्याला पत्ता सांगून झाला की तारसप्तकात, “मी नाना!” वाण्याला यादी सांगून झाली की, “मी नाना!” वाणी आपला दर वेळी म्हणायचा, “हो, ओळखलं.” रात्री साडेदहाला व्याह्यांचा फोन संपला तेव्हा तिसऱ्या मजल्यापर्यंत आवाज गेला आणि वॉचमन काठी घेऊन वर आला.

अशा माणसाचा राग येतो. वक्तशीरपणा नाही, विषयाला धरून बोलणं नाही. दवाखान्यात माझ्याबरोबर सोबतीला म्हणून आले आणि कंपाउंडर जुनी घड्याळं दुरुस्त करतो हे कळल्यावर माझा नंबर पुकारेपर्यंत आतल्या खोलीत गेले ते गेलेच. पण त्यांचं एक वैशिष्ट्य मी इतर कुणात पाहिलेलं नाही. नादिष्ट माणसाला जग जो प्रश्न विचारतं, ‘यातून मिळतं काय?’, तो नानांनी कधी कुणालाही विचारल्याचं मला आठवत नाही. ते विचारतात, “तुमची पहिली कुठली?” पहिली तबकडी, पहिलं तिकीट, पहिली शर्यत, पहिला किल्ला. तो प्रश्न ऐकला की समोरचा माणूस आधी दचकतो, मग इकडेतिकडे बघतो, मग खुर्ची पुढे ओढतो.

बैलगाडा शर्यतींच्या माणसांकडे नाना गेले ते नेमके बंदीच्या वर्षांत. २०१४च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाची बंदी आली आणि खेड, जुन्नर, आंबेगावकडचे शर्यतींचे घाट ओस पडले. बातमीदार गेले ते आंदोलनाला, फोटो काढून परत आले. नानांना जायचं होतं ते घाट बंद असताना हे लोक करतात काय हे बघायला. जुन्नरजवळच्या एका गोठ्यात त्यांना एक म्हातारबाबा भेटले. बैल पळायच्या वयाचा, पण पळणार कुठे? तरी रोज सकाळी त्याला फिरवायचं, पोहायला न्यायचं, खुराक चालू. बाबांना जुन्या यात्रांच्या बाऱ्या पाठ होत्या. कुठल्या घाटात, कुठल्या साली, पुढे कुणाची घोडी होती, निशाण कसं पडलं आणि घड्याळात किती सेकंद. नाना दिवसभर गोठ्यात बसले. लेखात त्यांनी बंदी बरोबर की चूक याबद्दल एक अक्षर लिहिलं नाही, म्हणून दोन्ही बाजूंचे लोक चिडले. माझ्या मते त्यांच्या हातून उतरलेला तो सगळ्यांत चांगला लेख. डिसेंबर २०२१मध्ये अटींवर परवानगी मिळाली. बातमी आली त्या संध्याकाळी नाना बाबांना फोन लावत होते. लागला तेव्हा दोन्हीकडून कुणी काही बोललं नाही, नुसताच ‘भिर्रर्र’ असा आवाज आमच्या भिंतीतून ऐकू आला.

काठावर राहण्याचं नानांचं व्रत एकदाच जाहीरपणे मोडलं, ते कोल्हापुरात. तिथलं फुटबॉल हे प्रकरण बाहेरच्या माणसाला सांगून खरं वाटत नाही. कुस्तीच्या गावात तालमींचे फुटबॉल संघ आहेत. पाटाकडील, खंडोबा, दिलबहार, बालगोपाल, अशी नावं. आणि शाहू स्टेडियमवर सामना असला की पेठाच्या पेठा तिकडे लोटतात. विश्वचषकाच्या वेळी तर गल्ल्याच ब्राझील आणि अर्जेंटिना अशा वाटल्या जातात. नाना वही घेऊन गेले. दारातच एका तरण्या पोरानं अडवलं.

“कुणाकडनं हाय तुमी?”

“मी कुणाकडूनच नाही. नुसता बघायला आलोय.”

“न्हाई, पर कुठल्या पेठंचं?”

“मी पुण्याचा.”

“मग पुण्याला पेठा न्हाईत व्हय?”

“आहेत. पण मी काठावरचा माणूस आहे.”

पोरानं मैदानाकडे बघितलं. “काठावर जागा न्हाई हो नाना. ह्या अंगाला ही, त्या अंगाला ती. मधी पोलीस. पोलिसांत बसताय?”

नाना पोलिसांत बसले नाहीत. कुठल्या अंगाला बसले ते मी लिहीत नाही, कारण पुन्हा कोल्हापूरला जायचं झालं तर त्यांना दोन्ही बाजूंच्या मिसळी खायच्या आहेत. पण परत आले तेव्हा आवाज पार बसलेला होता, गळ्यात एक रंगीत पट्टा होता आणि मधल्या फळीतल्या एका खेळाडूच्या आईच्या तब्येतीची त्यांना काळजी लागून राहिली होती.

माझ्या मुलीचं आणि नानांचं सूत जमलं तेही याच रीतीनं. ती नववीत असताना बीटीएसच्या पायी कोरियन शिकू लागली. खोलीच्या भिंती त्या सात गोऱ्यागोमट्या मुलांनी भरून गेल्या. मी घरात जे म्हणायचं ते सगळं म्हणून झालं. दहावी जवळ आली, हे दिसतात एकसारखे, यांचं एक अक्षर कळत नाही. नाना लिफ्टमध्ये भेटले आणि तिला विचारते झाले, “तुझं पहिलं गाणं कुठलं?” झालं. लिफ्ट तळमजल्यावर उघडून दोनदा वर जाऊन आली. पुढचे काही महिने ती अभ्यासाच्या वह्या घेऊन नानांकडे जायची. ‘आर्मी’ म्हणजे लष्कर नव्हे तर यांचे चाहते, ‘बायस’ म्हणजे सातांतला आपला लाडका, फोटोकार्डाची अदलाबदल कशी होते आणि त्यात फसवाफसवी कशी होते, हे सगळं नानांच्या पाकिटांवर चढलं. २०२४च्या जूनमध्ये मी सकाळी दूध घेऊन येत होतो, तर जिन्यात नाना खुशीत उभे.

“अरे, जिन सुटला!”

“कुठे? तुरुंगातून?”

“सैन्यातून! दीड वर्ष झालं पोराला. घरी कुणी सांगितलं नाही तुला?”

घरी कुणी सांगितलं नव्हतं. मी विचारलंच नव्हतं.

नानांचा देव म्हणाल तर शुक्रवार पेठेतल्या केळकर संग्रहालयाचे दिनकर केळकर. चष्म्याचं दुकान चालवणारा, ‘अज्ञातवासी’ नावानं कविता करणारा माणूस, आणि दिवे, अडकित्ते, दौती, पाय घासायच्या वज्र्या यांच्यासाठी गावोगाव, वाड्यावाड्यांतून फिरला. वीस हजारांवर वस्तू. अकाली गेलेल्या मुलाच्या नावानं संग्रहालय केलं आणि १९७५ साली सगळं सरकारच्या हवाली करून टाकलं. आमच्याकडे कुणीही पाहुणा येवो, नाना त्याला तिथे नेतात. शनिवारवाडा राहिला तरी चालेल. वज्र्यांच्या कपाटासमोर उभे राहून म्हणतात, “बघा, हे वेड नाही. ही व्यवस्था आहे.” पाहुणे तोवर पायांच्या दुखण्यानं टेकायला जागा शोधत असतात. आमच्या दिल्लीच्या मेहुण्यांनी न राहवून विचारलं, “एवढ्या वज्र्या कशाला लागतात?” नानांनी त्यांना त्या दिवशी कॉफीही पाजली नाही.

गेल्या पावसाळ्यात नाना बत्तीस शिराळ्याला जाऊन आले. नागपंचमीचं गाव म्हणून नव्हे. वाटेत इस्लामपूरला एका सर्पमित्राकडे मुक्काम पडला आणि तिथून ते पार बदलून आले. हल्ली त्यांच्या बोलण्यात नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं यांच्याखेरीज काही नसतं. पावसाळ्यात सर्पमित्राचा फोन किती वाजतो, रात्री दोनला लोक कसे खुर्चीवर उभे राहून फोन करतात, आणि साप सोडून आल्यावर तेच लोक साधा चहासुद्धा कसा विचारत नाहीत. आमच्या पार्किंगमध्ये परवा पाण्याचा पाइप पडला होता. नाना बराच वेळ त्याच्यापासून योग्य अंतर राखून उकिडवे बसून होते.

रविवारी आम्ही त्यांच्याकडे जेवायला होतो. दिवाळी अंकाचा विषय ठरल्याचं नानांनी आमटी वाढून घेता घेता जाहीर केलं. आम्ही सगळ्यांनी वहिनींकडे पाहिलं. वहिनींनी भात कालवला, एक घास घेतला आणि मग विचारलं, “यात घरी काय येतं?”

“काही नाही,” नाना म्हणाले. “खरंच काही नाही. फार तर एक काठी. पुढे हूक असलेली.”

“आणि हुकाला?”

नानांनी आमटीत लिंबू पिळलं, बी काढून ताटाच्या कडेला ठेवलं.

“धामण बिनविषारी असते,” ते म्हणाले.